आत्याबाईचा बाजार टीव्हीवर गेला त्याची गोष्ट

"बंद कर! बंद कर म्हणतो न ते डबडं! आरं चोर हाय त्यो, चोर! आपला बाजार उचलून नेला की रे त्यानं!"

हे ओरडत होते माझे वडील. आम्ही त्यांना दादा म्हणायचो आणि त्यांचा आवाज असा होता की कुरुंद्यात ते खोकले तर वसमतच्या मोंढ्यात हमाल पोतं खाली ठेवायचे. त्या संध्याकाळी टीव्ही अंगणात आणून हळदीच्या पोत्यांच्या थप्पीवर ठेवला होता, कारण घरात माणसं मावेनात. अर्धं कुरुंदं आलं होतं आणि उरलेल्या अर्ध्याचे पाहुणे आले होते. पडद्यावर एक चकाकत्या कोटातला माणूस तोंडानं बकरी काढत होता. मग कासारीण काढली, मग हरवलेलं लेकरू, मग भाव पाडणारी म्हातारी. एकामागून एक, बराबर त्याच क्रमानं, जो आमच्या घरातल्या कुत्र्यालाही पाठ होता. आणि म्हातारी भाव पाडून निघाली तोच कॅमेरा समोरच्या प्रेक्षकांवर फिरला. तिथं जांभळ्या नायलॉनच्या साडीत, मान मागं टाकून, डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसत कोण बसलेलं? आमची पंचफुला आत्या. जिचा तो बाजार, तीच त्या चोराला हसून दाद देऊन राहिली होती!

अंगणात एकच गोंधळ उडाला. पोरं "आत्याबाई दिसली, आत्याबाई दिसली" म्हणून टाळ्या पिटत होती, दादा चोर चोर ओरडत होते, माझी माय पदर तोंडाला लावून बसली होती आणि खरी आत्या त्या गर्दीत मधोमध, हात कोपरापर्यंत हळदीनं पिवळे, टीव्हीतल्या आपल्याच तोंडाकडं अशी बघत होती जशी एखादी बाई आपल्या अंगावरचं लुगडं दुसरीच्या अंगावर बघते.

आता ही आत्या कोण, ते सांगितल्याशिवाय माझा राग तुम्हाला कळायचा नाही. ती दादांची थोरली बहीण. दिली गावातच, आमच्या घराला भिंत लावून, त्यामुळे सासर-माहेर हा फरक तिला कधी कळलाच नाही. दोन्ही घरांत तिचंच राज्य. तिच्या गळ्यात देवानं, म्हणजे देव आम्ही मानत नाही, पण ज्या कोणी ठेवलं असेल त्यानं, अख्खा तालुका भरून ठेवला होता. डिझेल इंजिन सुरू होताना आधी खोकतं, मग रुसतं, मग एकदम धावत सुटतं, ते ती असं काढायची की शेजारच्या शेतातला माणूस पाणी आलं समजून बारं द्यायला उठायचा. औंढ्याच्या चढावर दम लागलेली एसटी तिनं एकदा स्टँडवर उभं राहून काढली, तर ड्रायव्हर हातातला चहा टाकून आपली गाडी कोणी नेली बघायला पळाला. आमची एक म्हैस पारडू मेल्यावर आटली होती. आत्यानं गोठ्याच्या कुडामागून पारडाचा आवाज काढला आणि म्हैस पान्हावली. ह्याला साक्षीदार आहेत. म्हैस तर आहेच म्हणाले असते, पण ती आता नाही.

आणि गरीब, सोशिक वगैरे काही नव्हती हो ती. कलाकाराचा सगळा माज तिच्यात होता. कार्यक्रमाच्या दिवशी तिला सकाळी भिजवलेल्या मुरमुऱ्यांचा सुशीला लागायचा, त्यात शेंगदाणे जास्त आणि मिरची कमी, कारण मिरचीनं म्हणे कासारीण घोगरी होते. दुपारी येसरची आमटी, पण भाकरी गरमच. माझी माय तव्यापुढं घामाघूम होऊन म्हणायची, "आत्याबाई, बकरी काढायला भाकरी काहून गरम लागते तुमाले?" तर ही आतून उत्तर द्यायची, "तू काढून दाखव थंड भाकरीवर, मंग बोल." एवढ्यात भिंतीपलीकडून तिच्या नवऱ्याची, किसनमामांची, ढोलकी चढवल्याचा आवाज यायचा. मामा बोलायचे फार थोडं. घरात दोघांपैकी एकानं बोलायचं ठरलं होतं आणि तो मान आत्याकडं होता.

मामांची गायन पार्टी होती. जयंतीला, विहाराच्या उद्घाटनाला, कोणाच्या लग्नात, कळमनुरीपासून औंढ्यापर्यंत ही पार्टी फिरायची. दोन गाण्यांच्या मध्ये पेटीवाला घसा ओला करायचा, तेवढ्या वेळात माणसं उठून जाऊ नयेत म्हणून आत्याला उभं करायचे. होता होता असं झालं की माणसं गाण्यात उठून चहा पिऊन यायची आणि आत्यासाठी परत बसायची. तिचा खास आयटम म्हणजे 'कळमनुरीचा बाजार'. एकटी बाई, हातात फक्त माइक, आणि सगळा आठवडी बाजार तुमच्यापुढं उभा. दोर तोडणारी बकरी, बांगड्या भरणारी कासारीण, शेंगोळ्यासाठी रडणारं आणि मग खरंच हरवणारं लेकरू, भाव पाडणारी म्हातारी, लाऊडस्पीकरवर मुंग्यांची पावडर विकणारा. लेकरू हरवायचं तेव्हा हसून लोळणाऱ्या बायका एकदम आपापली पोरं जवळ ओढायच्या. हे मी डोळ्यांनी बघितलंय, त्यात काडीचीही वाढ नाही.

आमच्या गायन पार्ट्यांची एक रीत होती, ती इथं सांगायलाच पाहिजे. दुसऱ्याचं गाणं म्हणायला कोणाची मनाई नव्हती. खुशाल म्हणा. पण पेटीचा सूर धरायच्या आधी माइकवर ज्याचं गाणं त्याचं नाव घ्यायचं. मोठ्यानं, गावासकट. पिऊन तर्र झालेला गायकसुद्धा, ज्याला आपल्या बायकोचं नाव आठवत नसे, तो कवीचं नाव घेतल्याशिवाय तोंड उघडत नसे. नाही घेतलं तर समोरची पार्टी उभी राहून खाली बसवायची. दुसरी रीत अशी, की समोरच्या पार्टीचा कलाकार उभा राहिला की आपण पुढं बसून दिलखुलास दाद द्यायची, आणि समोरच्यानं आपल्याला 'पुन्हा एकदा' म्हटलं तर तो मान समजून पुन्हा करायचं. नाही म्हणणारा माणूस कोता. आत्या ह्या दोन रीतींवर वाढलेली. तिला वाटलं, जग असंच चालतं.

त्या वर्षांत मराठी वाहिन्या नव्या नव्या येत होत्या आणि प्रत्येकीला गाणी, नाच, जादू, नकला असं सगळं एका तासात कोंबलेला एक कार्यक्रम पाहिजेच होता. असल्या एका कार्यक्रमासाठी नांदेडला निवड आहे असं मी पेपरात वाचलं. मी तेव्हा अकरावीत होते, आणि आत्याची मॅनेजर मीच, हे मी स्वतःच जाहीर केलं होतं. नांदेडच्या हॉलमध्ये तिनं नुसती बकरी काढली तर निवड करणाऱ्या साहेबानं टेबलाखाली वाकून बघितलं. झालं. आम्ही मुंबईला. आत्या, मामा, मी आणि धपाट्यांचा एक डबा, जो गाडी परभणी सोडेपर्यंत अर्ध्या डब्यानं, म्हणजे रेल्वेच्या डब्यानं, खाऊन संपवला.

स्टुडिओ म्हणजे आतून अगदी जिनिंगचं गोडाऊन. वर पत्रा, खाली वायरींचा गुंता, पुढच्या भागात तेवढं स्वर्गासारखं रंगवलेलं. आम्हाला प्रेक्षकांत बसवलं. कानाला हेडफोन लावलेला एक पोरगा आला आणि म्हणाला, "मंडळी, कार्यक्रमाआधी एकदा हसून दाखवा सगळ्यांनी. जोरात. आम्हाला शॉट घ्यायचेत." बाकीचे शहरातले प्रेक्षक सवयीचे होते, दात दाखवून मोकळे झाले. पण आत्याला ते पहिलं आमंत्रण वाटलं. समोरच्या पार्टीनं हसू मागितलं आणि आपण कंजुषी करायची? शिवाय मागितलंय तर तो आयटमच झाला की! ती पदर खोचून सरळ बसली आणि तिनं एकेक हसू काढायला सुरुवात केली. नव्या नवरीचं दाबलेलं हसू. दात पडलेल्या म्हातारीचं. उधारी वसूल झालेल्या दुकानदाराचं. नवऱ्याची फजिती बघणाऱ्या बाईचं, ते तर तिनं मामांकडं बघूनच काढलं. कॅमेरेवाला तिच्यापुढून हलेना. हेडफोनवाला म्हणाला, "ताई, तुम्ही कमाल आहात. अजून एक?" ह्या बाईनं अजून सगळी दिली, होती नव्हती तेवढी.

मग तिचा बाजार झाला. कसा झाला म्हणून सांगू! लाईटवाली पोरं शिडीवरून पडायची राहिली. लेकरू हरवलं तेव्हा मेकअपची बाई रडली आणि आपला स्वतःचा मेकअप धुऊन बसली. तिथंच बाजूला तो चकाकत्या कोटवाला उभा होता, त्या कार्यक्रमाचा नेहमीचा नकलाकार. तो पुढं आला, आत्याच्या पाया पडला आणि म्हणाला, "मावशी, पुन्हा एकदा कराल? माझ्यासाठी?" बघा आता. पाया पडून 'पुन्हा एकदा' म्हणतो. आत्यानं केलं. त्यानं पुन्हा म्हटलं, पुन्हा केलं. बकरी नाकातून कशी निघते, लेकराचं रडणं कुठं तोडायचं, म्हातारीच्या आधी श्वास कुठं घ्यायचा, सगळं समजावून दिलं. मामा बाजूच्या खुर्चीवर बोटांनी ठेका देत होते. येताना गाडीत आत्या म्हणाली, "लई गुणी पोरगं हाय. आपलं नाव घेऊन करील कुठंतरी." आणि झोपली. मी खिडकीशी बसून मनमाड जाईपर्यंत भाषण पाठ करत होते, की माझ्या आत्याला बक्षीस मिळाल्यावर मी काय बोलायचं.

मग वाट बघणं सुरू झालं. पहिल्या भागात आत्याचा बाजार नव्हता, पण एका जादूगारानं टोपीतून कबूतर काढलं आणि आत्या नव्या नवरीसारखी हसताना दिसली. गावात जल्लोष! दादांनी पेढे वाटले. दुसऱ्या भागात एक बाई लावणी नाचली, आत्या दुकानदारासारखी हसली. तिसऱ्या भागात एका माणसानं मराठवाड्याच्या माणसाची टिंगल केली, न्हाई-व्हय करून, धोतर सावरत, आणि त्याच्यावर आमची आत्या दात पडलेल्या म्हातारीसारखी पोट धरून हसली. त्या दिवशी पेढे वाटले नाहीत. पुढच्या प्रत्येक भागात तीच जांभळी साडी, तीच खुर्ची, तेच हसू, उलटसुलट क्रमानं. हिवाळा गेला, हळद निघाली, शिजली, वाळली, ढोलात घालून पॉलिश व्हायला लागली, तरी टीव्हीतली आत्या त्याच साडीत हसतच होती. मामांच्या बहिणीनं तर विचारलं, "किसन, हिला दुसरं लुगडं न्हाई का घेऊन देत तू?" आणि मग ती संध्याकाळ आली, जिच्यापासून मी ही गोष्ट सांगायला सुरुवात केली. कोटवाल्यानं नाव घेतलं नाही. ना आत्याचं, ना कळमनुरीचं. 'आमच्या गावचा बाजार' म्हणाला हरामखोर! त्याचं गाव! जो बकरीला दोरानं धरायचं की शेपटीनं हे विचारत होता!

लिहिताना आजही माझं बीपी चढतं, आणि डॉक्टर म्हणतात ते मिठामुळं. काय मिठामुळं! मागच्या महिन्यात लेकीनं मोबाइलवर तो कार्यक्रम काढून दाखवला. कोणीतरी जुने भाग टाकलेत. खाली लोकांनी लिहिलंय, 'या हसणाऱ्या काकू कोण, प्रत्येक एपिसोडला असतात.' कोणी लिहिलंय, 'पैसे देऊन बसवलेल्या असतील.' मी चष्मा लावून उत्तर लिहायला बसले, ते इतकं लांब झालं की मोबाइलनं घेतलं नाही. म्हणून पुस्तक लिहायला घेतलं.

दुसऱ्या दिवशी दादांनी एसटीडी बूथवरून मुंबईला फोन लावला. बूथची काच बंद होती तरी चौकातल्या सगळ्यांना दादांची बाजू ऐकू येत होती, आणि पलीकडच्या बाईची बाजू दादा मोठ्यानं परत म्हणून दाखवत होते. "काय म्हणता? दिसतात की त्या दर भागात? बाई, दिसण्याचं कोण इचारून राहिलं! तिचं काम कुठं हाय, काम? वेळेत बसलं न्हाई? मंग त्याचं कसं बसलं?" शेवटी पलीकडून विचारणा झाली की त्या ताई पुढच्या शूटिंगला प्रेक्षकांत बसायला येऊ शकतील का. दादांनी फोनचा रिसीव्हर ठेवला नाही, बसवला. बूथवाल्याला तो नवा घ्यावा लागला.

पण खरा घाव मुंबईनं घातला नाही, गावानं घातला. महिन्याभरात जयंती आली. स्टेज लागला, निळे झेंडे लागले, आत्या सुशीला खाऊन तयार. माइक घेतला, "जयभीम" म्हणाली आणि बकरी काढली. तोच मागून एक कॉलेजातलं पोरगं ओरडलं, "आत्याबाई, हे तर टीव्हीवरचं हाय! नवं काहीतरी करा ना!" चार पोरं हसली. एकानं तर सांगितलं, "त्याच्याइतकं बराबर न्हाई जमलं." आणि समितीचा अध्यक्ष, ज्यानं लहानपणापासून हा बाजार ऐकला, ज्याला लहानपणी त्या बाजारात हरवायची भीती वाटायची, तो खाली वाकून हळूच म्हणाला, "बाई, ज्याचं हाय त्याचं नाव घ्या आधी. आपली रीत हाय." 

मी खालून किंचाळले. काय किंचाळले ते छापण्यासारखं नाही. मामांनी ढोलकीवरचा हात उचलला. आत्यानं माइक अध्यक्षाच्या हातात दिला, चप्पल शोधली आणि घरी गेली. त्या दिवसापासून तिनं आवाज काढणं सोडलं. बाजार तर नाहीच, पण एसटी नाही, इंजिन नाही, पारडू नाही. घर असं सुनं झालं की माझी माय स्वतःच म्हणायला लागली, "आत्याबाई, गरम भाकरी करू का? एखादी बकरी तरी काढा." आत्या थंड भाकरी खाऊन उठायची. मी कॉलेजातून आले की भिंतीला कान लावायचे. पलीकडं नुसती मामांची ढोलकी, तीही न चढवलेली, फदफद वाजणारी.

दिवाळीच्या सुमाराला नांदेडात फलक लागले. कोटवाला येणार, दुपारचा प्रयोग, 'आमच्या गावचा बाजार' प्रत्यक्ष. दादा म्हणाले, स्टेजवर चढतो आणि त्याला बकरीसारखा ओरडायला लावतो. मी माझं जुनं भाषण काढून त्यातलं बक्षीस खोडलं आणि चोर घातलं. आमचा हा बेत ऐकून आत्या चुलीपुढून एवढंच म्हणाली, "मी बी येते. पण तिथं कोणी तोंड उघडायचं न्हाई. सांगून ठेवते." महिनोन्‌महिन्यांत तिचं हे सर्वांत मोठं वाक्य होतं, म्हणून दादाही मुकाट झाले.

आणि काय सांगू, नांदेडात हॉलच्या दारात आत्या उतरली तर गर्दी फुटली! "ह्या बघा, ह्या टीव्हीवरच्या हसणाऱ्या बाई!" बायका हात धरायला लागल्या, एकीनं पोरगं पायावर घातलं. कोणाला नाव माहीत नाही, पण तोंड सगळ्यांना माहीत. आतून कोटवाला धावत आला. "अरे मावशी! तुम्ही? आज तर प्रयोग रंगणार!" असं म्हणून त्यानं स्वतः आम्हाला पहिल्या रांगेत मधोमध बसवलं. लाजेचा लवलेश नाही! मी तोंड उघडलं तर आत्यानं माझ्या मांडीला असा चिमटा काढला की त्याचा डाग माझ्या लग्नापर्यंत होता.

प्रयोग सुरू झाला. पहिल्या विनोदावर हॉल हसला आणि हसता हसता सवयीनं आत्याकडं वळला. टीव्हीत तसंच व्हायचं ना, विनोद झाला की ही दिसायची. आत्या बसली होती, हात मांडीवर, तोंड सरळ. हसू अर्ध्यात विरलं. दुसऱ्या विनोदाला लोकांनी आधी आत्याकडं बघितलं, मग ठरवलं. तिसऱ्याला तर मागच्या रांगेतले उभे राहून तिचं तोंड बघायला लागले. कोटवाल्याला घाम फुटला. मग त्यानं बाजार काढला. बकरी झाली, कासारीण झाली. लेकरू हरवलं, तर मागून एकजण म्हणाला, "बाळा, सापडू नको त्याले." म्हातारीपर्यंत येईतो त्याचा श्वास चुकला, तो मध्येच थांबला, पाणी प्याला आणि पुन्हा बकरीपासून सुरू झाला. आत्या पापणी न हलवता बघत होती. दादांनी ओरडायचं नाही म्हणून उपरण्याचं टोक दातांत धरलं होतं, ते प्रयोग संपेपर्यंत चावून तोडलं.

पडदा पडला, माणसं गुपचूप निघाली, आणि तो मागच्या दारानं आमच्याकडं आला. कोट हातात होता, शर्ट पाठीला चिकटलेला. तो दादांकडं बघत नव्हता, माझ्याकडं तर नाहीच. आत्यापुढं उभा राहून म्हणाला, "मावशी, आज एकदाही हसला नाहीत तुम्ही. काही चुकलं का?"

आत्यानं पदर सारखा केला आणि म्हणाली, "मला पाठ हाय ते."